शेवटच्या जागेवरचं नाव

लग्न ठरलं की माणसं पत्रिका बघतात, मी नावं बघायची. महाल भागातल्या आमच्या गल्लीत कुणाकडे कार्य निघालं की घरची बाई वाटीत साखर घेऊन यायची आणि ओट्यावर बसून म्हणायची, "एक मंगलाष्टक करून द्या ना." मी भाजी निवडता निवडता नवरा-नवरीची नावं बोटांवर मोजून बघायची. ऱ्हस्व अक्षर म्हणजे लघू, दीर्घ म्हणजे गुरू. मंगलाष्टकाचं वृत्त ठरलेलं. कुठल्या जागी लघू, कुठल्या जागी गुरू, सगळं बांधलेलं. त्यात नाव बसलं तर बसलं, नाही तर मोडतोड करायची. कित्येक मुलींच्या नावांना मी माझ्या सोयीसाठी वेलांट्या लावल्या आहेत. त्या बिचाऱ्या अंतरपाटापलीकडे अक्षता झेलत उभ्या, त्यांना काय कळतंय.

हे मला कुणी शिकवलं नाही. शाळा चौथीत सुटली. वडील खाप्याला पोस्टात टपाल वाटायचे. त्यांच्या ट्रंकेत व्याकरणाचं एक कव्हर गेलेलं पुस्तक होतं, त्याच्या मागच्या पानांवर वृत्तं होती. कन्हानच्या काठी धुणं वाळेपर्यंत मी ते वाचत बसायची. बाबांना त्यातलं काही वाचायची गरज नव्हती. त्यांच्या गळ्यातच वृत्त होतं. खाप्यात कुणाचंही लग्न असो, मंगलाष्टक म्हणायला टपालवाले पाहिजेत. आवाज उंच आणि गोड, आणि ओळीच्या शेवटच्या अक्षरावर असा लांबवायचे की मांडवाबाहेरची माणसं बोलायची थांबायची.

मी एकदा त्यांना म्हटलं होतं, "बाबा, शेवटचं अक्षर तर लघू आहे, तुम्ही दीर्घ काहून म्हणता?"

"शेवटी सगळं चालते वं," ते म्हणाले. "तिथं श्वास सोडाचा असते. लघू काय अन् गुरू काय, तो आपला लांबतेच."

पुस्तकातही तेच होतं. ओळीच्या शेवटी लघू आला तरी तो गुरू धरायचा. मंगलाष्टकं करणाऱ्या माझ्यासारखीला ही फार मोठी सवलत. बसत नसलेलं नाव मी सरळ ओळीच्या शेवटी नेऊन ठेवायची.

आता नणंदेच्या लग्नाचं सांगते. मी तिला वन्सं म्हणायची, पण ती माझ्याहून लहान. मी लग्न होऊन आले तेव्हा कॉलेजात जात होती, आणि त्या घरात माझ्याशी मोकळं बोलणारी ती एकटीच. तिचं लग्न एकदा ठरून मोडलं होतं. साखरपुडा झाला, मुलगा भिलाईला नोकरीला, गोरापान. मामंजींनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, मला सांगितलं, "सूनबाई, मंगलाष्टक तुम्ही करा आणि म्हणायला तुमच्या वडिलांना बोलवा." मामंजी कचेरीतून रिटायर झालेले, मोजकं बोलणारे. त्यांनी माझ्या माहेरच्या कशाचं तरी नाव काढलं, याचाच मला इतका आनंद झाला की त्याच दुपारी मी चार ओळी केल्या. तिसरी ओळ अजून आठवते:

आली मंडपि ही नवीन नवरी, लाभे तिला –

आणि पुढे नवऱ्याचं नाव. नवरी नवीनच असते, हे मलाही कळत होतं, पण जागा भरायला दुसरं काही सापडेना. नाव मात्र अचूक बसलं होतं. तीन अक्षरं: गुरू, लघू आणि शेवटी लघू. बाबांनी ती ओळ अख्खा हिवाळा सायकलवर टपाल वाटता वाटता घोटली. खाप्याहून येणारा-जाणारा सांगायचा, "तुझ्या बापाले सारा गाव नवरदेवाच्या नावानं ओळखून राहिला."

मग उन्हाळ्याच्या तोंडावर मुलाकडच्यांचा निरोप आला की नाही जमत. कारण सांगितलं नाही. कारण न सांगता मोडलेलं लग्न म्हणजे गल्लीतल्या प्रत्येक घराला आपापलं कारण शोधायची मुभा. वन्सं बाहेर जायच्या बंद झाल्या. साखर घेऊन येणाऱ्या बायका मंगलाष्टकाचं काम झालं तरी घुटमळायच्या आणि हळूच विचारायच्या, "काय हो, पोरीत काही होतं का?"

पुढच्या वर्षी दुसरं स्थळ आलं, अमरावतीकडचं. मुलाला आई-वडील नव्हते, आत्यानं वाढवलेला. वकिलीच्या कॉलेजात शिकवायचा. आत्या कडक, पण मुलगी बघताक्षणी हो म्हणाली. त्या रात्री मामंजींनी सगळ्यांना समोर बसवून सांगितलं, "मागचं कुणी काढायचं नाही. लग्न लागेपर्यंत तर नाहीच." वन्सं भिंतीशी उभ्या होत्या. हे दुसरं लग्न मोडलं तर तिसरं होणार नाही, हे घरातल्या प्रत्येकाला कळत होतं आणि सगळ्यांत जास्त त्यांना.

मंगलाष्टकाचा प्रश्न आला. मी नवीन करायला बसले, तर मामंजी म्हणाले, "होतं ते चांगलं होतं की. नाव तेवढं बदला." मी नाव मोजलं. तीन अक्षरं. गुरू, लघू आणि शेवटी गुरू. म्हणजे फरक एवढाच की पहिल्याचं शेवटचं अक्षर लघू, ह्याचं गुरू. आणि शेवटच्या जागी दोन्ही चालतं. एक नाव काढलं, दुसरं ठेवलं, ओळ हललीसुद्धा नाही. मला तेव्हा ही देवाचीच सोय वाटली होती.

साखरपुड्याच्या आधी एकदा जावई आत्यांबरोबर चहाला आले. काळासावळा, किडकिडीत माणूस, हसला की डोळे बारीक व्हायचे. आत्या सासूबाईंशी आत बोलत होत्या. छापखान्यात नाव चुकू नये म्हणून मी मंगलाष्टकाचा कागद जावयांसमोर ठेवला. त्यांनी आधी मनात वाचला, मग बोटांवर मोजायला लागले. माझ्यासारखेच. मी बघतच राहिले.

"शार्दूलविक्रीडित वृत्त तुम्ही कुठे शिकलात?" त्यांनी विचारलं.

"शिकले नाही. असंच," मी म्हटलं. चौथी म्हणायची लाज वाटली.

ते पाद्र्यांच्या शाळेत शिकलेले, लॅटिन घेऊन परीक्षा दिलेले. म्हणाले, "वहिनी, लॅटिनमध्येही असंच लघू-गुरूवर चालतं सगळं. आणि हे तुम्ही माझं नाव ठेवलंय ना, ओळीच्या शेवटी, त्या जागेला त्यांच्याकडे नाव आहे. आन्केप्स. आमचे फादर आन्चेप्स म्हणायचे, पण जुने रोमन लोक आन्केप्स म्हणत असणार."

"म्हणजे काय?"

"म्हणजे दोन डोक्यांचं. डोंगराला दोन शिखरं असली तरी आन्केप्स, कुऱ्हाडीला दोन्ही बाजूंनी धार असली तरी आन्केप्स. लढाई कुणीकडे झुकेल ते सांगता येत नसलं, माणसाचं मन होय-नाही करत असलं, तरी तोच शब्द. थोडा धोक्याचाही अर्थ आहे त्यात. आणि कवितेत, जिथे लघू किंवा गुरू काहीही आलं तरी ओळ चुकत नाही, ती जागा."

मला इतकं बरं वाटलं म्हणून सांगू. खाप्याच्या टपालवाल्याला जे गळ्यानं कळत होतं, त्याला समुद्रापलीकडे कुणीतरी शब्द करून ठेवला होता. मी तो तोंडातल्या तोंडात दोन-तीनदा म्हणून पाहिला. आणि तेवढ्यात ते हसून म्हणाले, "पण वहिनी, हा गोरा कोण?"

दुसऱ्या ओळीत मी नवऱ्याला गोरा म्हटलं होतं. नाव बदललं, गोरा तसाच राहिला होता.

मी पदराचं टोक बोटाला गुंडाळत उभी राहिले. त्यांनी एकदा माझ्याकडे बघितलं, मग आतल्या दाराकडे, जिथे वन्सं चहाचा ट्रे घेऊन थांबल्या होत्या. मग कागदाकडे. हसणं थांबलं होतं, पण चेहरा वाईट झाला नव्हता.

"ज्ञानी करा," ते म्हणाले. "तेही दोन गुरूच. खोटं तेही आहे, पण निदान अंगावर दिसत नाही."

मी गोरा खोडून ज्ञानी केलं. त्यांनी आणखी काही विचारलं नाही, मीही सांगितलं नाही. त्यांना कळलं की नाही, याचा विचार करत मी लग्नापर्यंतचे दिवस काढले.

लग्न मे महिन्यात. गल्लीतच मांडव घातला होता, कडेला वाळ्याच्या ताट्या लावून त्यांवर पाणी मारत होते, आणि खांबाला भोंगा बांधला होता. बाबा आदल्या दिवशीच आले होते, धुतलेलं धोतर, नवीन टोपी. घरात त्यांनी मला म्हणून दाखवलं. नाव बरोबर घेतलं. मी पुन्हा म्हणायला लावलं, पुन्हा बरोबर. ते जरा चिडलेच: "मले काय खुळा समजून राहिली का वं?"

मुहूर्ताला गुरुजींनी अंतरपाट धरला. अलीकडे वन्सं, पलीकडे नवरदेव, दोघांच्या हातात हार. गुरुजींची मंगलाष्टकं झाली आणि त्यांनी माईक बाबांच्या हातात दिला. बाबांनी डोळे मिटले. त्यांची ती सवयच होती. पहिली ओळ अशी चढली की आत्यांनीसुद्धा मान डोलावली. मामंजींनी माझ्याकडे बघितलं, आणि त्या बघण्यात, मी सांगते, पहिल्यांदा कौतुक होतं. दुसऱ्या ओळीला ज्ञानी बरोबर आलं. मग तिसरी. आली मंडपि ही नवीन नवरी. आणि शेवटी ते पहिलं नाव. भिलाईच्या मुलाचं.

नुसतं घेतलं असतं तर कदाचित निसटून गेलं असतं. पण ती ओळीची शेवटची जागा होती आणि बाबांनी तिथं नेहमीसारखं लांबवलं. भोंग्यातून ते नाव गल्लीच्या टोकापर्यंत गेलं, वर चढलं, खाली उतरलं, आणि संपता संपेना.

अक्षतांच्या मुठी तशाच राहिल्या. बायकांच्या बाजूनं कुजबूज सुरू झाली. बाबांनी डोळे उघडले, समोरची तोंडं बघितली, आणि माईक तोंडाशीच ठेवून मला विचारलं, "काहून वं, सूर गेला का?"

तेही भोंग्यातून गेलं.

मला तेव्हा कशाची जास्त लाज वाटली, हे मी पुष्कळदा मनाशी तपासून बघितलं आहे. नाव चुकल्याची वाटली, आमच्या घरातलं झाकलेलं उघडं पडल्याची वाटली. पण सगळ्यांत आधी जी वाटली ती त्या खेडवळ 'काहून वं'ची. इतक्या माणसांत ते माझ्याकडे बघून बोलले याची. मी मान खाली घातली.

आत्या पुढे झाल्या. "हे नाव कुणाचं हो?" त्यांनी मामंजींना विचारलं. आवाज चढवला नव्हता. "मुलीचं आधी कुठे ठरलं होतं का?"

वन्संनी मान वर केली. अंतरपाटामुळे पलीकडचा चेहरा त्यांना दिसत नव्हता.

मामंजी म्हणाले, "नाही, नाही. आमचे व्याही वय झालेले. बरीच लग्नं म्हणतात, कुठलं तरी नाव तोंडात आलं असेल."

बाबांना तोवर कळलं होतं. त्यांच्या चेहऱ्यावरून कळलेलं मी बघितलं. ते पोस्टातले, कुठली गोष्ट कुठे पोचवायची नाही हे त्यांना सांगावं लागत नसे. त्यांनी टोपी काढली आणि आत्यांना हात जोडले. "हो जी. माहीच चूक. खाप्याच्या एका लग्नातलं नाव निघालं तोंडातून. म्हाताऱ्याची जीभ आहे जी, माफी द्या."

खाप्यातल्या कुठल्याही लग्नात बाबांकडून नाव कधी चुकलं नव्हतं.

"मुहूर्तावर परक्या माणसाचं नाव," आत्या म्हणाल्या. "आमच्या मुलाचा अपशकुन की नाही हा? मला खरं काय ते कळल्याशिवाय –"

तेव्हा अंतरपाटापलीकडून आवाज आला. "आत्या, मला ठाऊक आहे."

आत्या अंतरपाटाकडे वळल्या.

"काय ठाऊक आहे तुला?"

"जे काय आहे ते. नंतर सांगतो. मुहूर्त चाललाय. त्यांना पुन्हा म्हणू दे."

वन्संनी डोळे मिटून घेतले आणि हार छातीशी धरला. आत्या क्षणभर उभ्या राहिल्या, मग मागे सरल्या. आपल्या भाच्यापुढे त्यांचं काही चालत नव्हतं, हे मला पुढे कित्येक वर्षं दिसलं.

पण बाबा काही म्हणेनात. त्यांनी माईक माझ्या हातात दिला. "तू म्हण," एवढंच. मी म्हटलं. आवाज चिरका लागला, ज्ञानीवर अडखळले, पण तिसरी ओळ सरळ म्हटली आणि शेवटचं नाव बरोबर घेतलं. लांबवलं नाही. सावधान झालं, अक्षता पडल्या, अंतरपाट खाली आला. वन्सं रडत होत्या आणि नवरदेव त्यांच्याकडे बघून डोळे बारीक करून हसत होते.

लग्न लागलं. आमच्या घराच्या दृष्टीनं तेवढंच पाहिजे होतं.

पाया पडायला जोडी फिरली तेव्हा जावई मुद्दाम बाबांपाशी गेले. बाबा पिंपांच्या बाजूला, पाणी देणाऱ्यांच्या घोळक्यामागे बसले होते. ते पाय मागे घ्यायला लागले, तर जावयांनी वाकून धरले आणि म्हणाले, "तुमच्यासारखा आवाज मी ऐकला नाही." मनापासून म्हणाले. बाबा नुसतं "जी" म्हणाले आणि जमिनीकडे बघत राहिले. चांगल्या माणसानं चांगलं बोलावं आणि ऐकणाऱ्याला ते ठेवायला जागा सापडू नये, असं झालं ते.

पंगतीला ते बसले नाहीत. सासूबाईंनी आग्रह केला तर उपास सांगितला. त्यांचा उपास त्या दिवशी नसतो, हे मला माहीत होतं. मी हातात मठ्ठ्याचं भांडं घेऊन वाढत होते. मांडवाच्या फटीतून दिसलं, ते पिशवी घेऊन निघाले आहेत, ऊन डोक्यावर आहे, आणि टोपी अजून हातातच आहे. मला जाता आलं असतं. भांडं कुणाच्याही हातात देता आलं असतं. मी पुढच्या पानावर मठ्ठा वाढला. आणि ते गल्लीच्या वळणावर दिसेनासे झाले तेव्हा छातीवरचं ओझं उतरल्यासारखं झालं, तेही खरं आहे.

सासरी त्यावरून मला कुणी शब्दानं बोललं नाही. बोलले असते तर बरं झालं असतं. फक्त गल्लीतल्या बायका पुढेही साखर घेऊन यायच्या आणि जाता जाता म्हणायच्या, "तुम्ही लिहून द्या हो, म्हणायला आमच्याकडचा माणूस आहे."

बाबांनी म्हणणं सोडलं. खाप्याचे लोक बोलवायला आले की घसा बसलाय म्हणायचे. मी एकदा माहेरी गेले असताना विषय काढला. ते चुलीपुढे शेंगा भाजत होते.

"बाबा, एका नावाचं काय एवढं?"

"नाव चुकलं तं पोरीचं जाते," ते म्हणाले. "आपलं काय जाते. तिथं ती पोरगी हार घेऊन उभी होती अन् मले वाटलं, मीच मोडलं हिचं दुसऱ्यांदा." मग शेंगा हलवत, "दोन्ही नावाचं वजन एकच होतं वं. जीभ आपली जुन्या वाटेनं गेली."

ओळ मी केली होती. ते वजन मीच बघून ठेवलं होतं. मी शेंगा सोलत बसले.

माझ्या मुलीचं लग्न झालं तेव्हा बाबा फार थकले होते. तोवर ऐंशी साल उलटलं होतं, मांडव गेले होते आणि मंगल कार्यालयं आली होती. मंगलाष्टक मी केलं. जावयाचं नाव तीन अक्षरी निघालं, आणि मी हवं तर ते मधे कुठे बसवू शकले असते, पण हट्टानं तिसऱ्या ओळीच्या शेवटीच ठेवलं. बाबांना कागद दिला तर त्यांनी चष्मा लावून वाचला आणि परत दिला. "तू म्हणशील," म्हणाले.

मुहूर्ताला मी माईक घेऊन उभी होते. शेजारी खुर्चीत बाबा. पलीकडे वन्सं आणि त्यांचे यजमान. केस पिकले होते, पण हसले की डोळे तसेच. गुरुजींचं झालं, आणि मी सुरू करणार तोच वन्संच्या यजमानांनी माझ्या हातातून माईक काढून घेतला आणि बाबांच्या हातात दिला. विचारलंसुद्धा नाही. बाबांनी त्यांच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. आणि सुरू केलं.

आवाज फुटला होता. पण तोच होता. कार्यालयातले लोक बोलायचे थांबले. दुसरी ओळ संपली. वन्संनी पदर डोळ्यांना लावला. या वेळी बाबांनी डोळे मिटले नव्हते. तिसरी ओळ चढली, यती, म्हणजे ओळीतला थांबा, आला, नाव जवळ आलं. माझी मुलगी हार घेऊन उभी होती.

बाबा नावाच्या आधी थांबले. माईक त्यांनी माझ्याकडे वळवला. मी नाव घेतलं आणि या वेळी लांबवलं, त्यांच्यासारखं, जितका श्वास होता तितकं. चौथी ओळ झाली, अक्षता पडल्या. लोकांना वाटलं, आधीच ठरवलं असेल, बाप-लेकीनं मिळून. जेवताना पुष्कळांनी येऊन तसं म्हटलंसुद्धा.

पण ते नावापाशी आले तेव्हा माझा हात पुढे झाला होता. माईक झाकायला. मी केला नव्हता, झाला होता. बाबांच्या मनगटापर्यंत पोचला होता आणि त्यांनी तो बघितला. ते थांबायचं ठरवूनच आले होते की माझा हात बघून थांबले, हे मी त्यांना विचारलं नाही. ते असेपर्यंत विचारायचा धीर झाला नाही. त्या दिवशी ते पंगतीला बसले, बुंदी मागून घेतली, आणि मी वाढायला गेले तेव्हा पानाकडे बघतच म्हणाले, "बरं झालं वं, तुहा सूर चांगला लागला."